ट्रेकला गेल्यावर एकच दिवस दोन-तीन दिवसांसारखा का वाटतो?

तुमच्या एकट्याचं नाही, माझंही तसंच होतं. मागच्या डिसेंबरात आम्ही खिरेश्वरहून हरिश्चंद्रगड चढत होतो. साडेसहाला निघालो. तोलार खिंडीत पोचलो तेव्हा मनाने अकरा वाजवून टाकले होते. सरबतवाल्या बाबांना म्हटलं, "ऊन चढायच्या आत वर पोचू ना?" ते हसले. "आत्ताशी कुठं कासराभर दिस वर आलाय, दादा!" सॅकमधून मोबाइल काढला, तर सव्वाआठ!

पावणेदोन तासांचे साडेचार तास झाले होते. २०१७ मध्ये कॅनडातल्या संशोधकांना असंच काहीसं आढळलं होतं. शहरातून चालणाऱ्यांचा वेळेचा अंदाज बराचसा बरोबर येत होता. झाडीतून चालणाऱ्यांना मात्र होता त्यापेक्षा जास्त वेळ गेल्यासारखा वाटत होता.

मला यात दोन वेगळ्या गोष्टी दिसतात: वेळ जाताना कसा वाटतो आणि नंतर आठवताना कसा वाटतो. ऑफिसात दर दहा मिनिटांनी घड्याळाकडे नजर जाते, तरी आठवडा संपल्यावर मंगळवार कुठला आणि बुधवार कुठला, सांगता येत नाही. गडावर उलटं. कोकणकड्यावर सूर्य बुडताना बसलो, तो तास कसा गेला कळलंही नाही. पण आज आठवलं की तोच तास लांबलचक वाटतो: खालून येणारा वारा, कड्याच्या काठावर पालथे पडलेले आम्ही, रंग बदलत गेलेली दरी. आठवणी जितक्या जास्त, तितका मागे वळून पाहताना वेळ मोठा.

याची दुसरी बाजू मिशेल सिफ्रच्या अनुभवात दिसते. १९६२ मध्ये हा फ्रेंच माणूस घड्याळाशिवाय आल्प्समधल्या एका गुहेत जवळजवळ दोन महिने राहिला. त्याला १४ सप्टेंबरला बाहेर बोलावलं, तेव्हा त्याच्या हिशेबाने २० ऑगस्टच होता. ना ऊन, ना सावली. सगळे दिवस सारखे, मग पंचवीस दिवस गळालेच.

(उतरताना तीच वाट निम्मी वाटते, हे तुम्हीही अनुभवलं असेल. वाट तीच, फक्त ओळखीची झालेली.)

पुढच्या वेळी घड्याळ सॅकमध्ये टाका आणि उन्हावरून वेळ सांगायची पैज लावा. मी अजूनही तासा-दीड तासाने चुकतो, आणि दर वेळी पुढेच.