वाचकांचे प्रश्न : लग्नाचे साधे जेवण आणि त्याचा हिशेब

प्रश्न : धाकट्या बहिणीचे लग्न ठरले आहे आणि साधारण 200 माणसे येतील असा अंदाज आहे. जेवण अनौपचारिक असावे, लोकांनी गप्पा मारत आपापले वाढून घ्यावे आणि खर्च आवाक्यात राहावा, अशी दोन्ही घरांची इच्छा आहे. तीन केटररकडून दर मागवले आहेत. ज्याचा दर सर्वांत कमी, त्यालाच काम द्यावे असे घरातले म्हणतात. ते योग्य आहे का?

उत्तर : इतक्यात होकार देऊ नका. ताटामागचा दर हा सर्वांत ठळक आकडा असल्यामुळे नजर तिथेच जाते, परंतु शेवटी द्यावी लागणारी रक्कम तुम्ही किती ताटांची गॅरंटी दिली आहे आणि जेवणासाठी किती माणसे राबणार आहेत, यांवरही तितकीच अवलंबून असते.

बहुतेक केटरर किमान ताटांची संख्या आधी ठरवून घेतात. माणसे त्याहून कमी आली तरी तेवढ्या ताटांचे पैसे द्यावेच लागतात. समजा, एकाचा दर ताटामागे 100 आहे आणि तो 180 ताटांच्या गॅरंटीवर काम घ्यायला तयार आहे; दुसऱ्याचा दर 90 आहे, पण त्याला 220 ताटांची गॅरंटी हवी आहे. प्रत्यक्षात 185 माणसे जेवली, तर पहिल्याचे बिल 18,500 होईल आणि स्वस्त वाटणाऱ्या दुसऱ्याचे 19,800. म्हणून गॅरंटी अंदाजापेक्षा थोडी कमीच द्यावी, त्यावरची किती ताटे त्याच दराने मिळतील हे लिहून घ्यावे, आणि अंतिम संख्या कोणत्या तारखेपर्यंत कळवायची तेही ठरवावे. लहान मुलांचे ताट अर्धे धरायचे की पूर्ण, आणि छायाचित्रकार, वादक, वाहनचालक यांच्या जेवणाचे काय, हे प्रश्न बहुधा बिल हातात पडल्यावरच आठवतात. ते आधी विचारा.

ताटे मोजण्याची पद्धतही ठरवून घ्या. स्वतः वाढून घेण्याच्या जेवणात पाहुणे हातातले ताट ठेवून दुसरे घेतात आणि वापरलेली ताटे मोजली, तर एकच माणूस दोनदा मोजला जातो. जेवण सुरू होण्यापूर्वी आणि संपल्यावर स्वच्छ ताटे दोन्ही बाजूंच्या माणसांनी मिळून मोजावीत, आणि एका पाहुण्याचे एकच ताट धरायचे असेल तर मोजणी दाराशी करावी. घरातल्या एखाद्या शांत स्वभावाच्या माणसाकडे हे काम सोपवले म्हणजे रात्री उशिरा वाद होत नाही.

आता अनौपचारिकतेविषयी. स्वतः वाढून घेण्याच्या पद्धतीत वाढपी कमी लागतात, हा तिचा खरा फायदा आहे. परंतु हौसेने समोरच पदार्थ करून देणारे काउंटर वाढवत नेले, तर प्रत्येक काउंटरला स्वतंत्र माणूस लागतो, तिथे रांग लागते आणि वाचलेली मजुरी पुन्हा बिलात येते. असा एखादा काउंटर पुरे. पदार्थांची संख्याही आवरती ठेवावी. यादीत भर पडली की प्रत्येक पाहुणा नवा पदार्थ थोडा तरी घेतो, पण जुने पदार्थ त्या प्रमाणात कमी खाल्ले जात नाहीत, आणि कमी पडू नये म्हणून प्रत्येक पदार्थ जास्तच केला जातो. उरणारे अन्न तिथूनच येते. माझ्या मते पाच-सहा चांगले पदार्थ पंधरा बेताच्या पदार्थांपेक्षा केव्हाही सरस.

निवड करताना तासभर झाकून ठेवल्यावर पदार्थाचे काय होते, हे पाहावे. तळलेले पदार्थ झाकणाखालच्या वाफेने मऊ पडतात. रस्सा असलेले आणि थंडच खायचे पदार्थ टिकतात. चव पाहायला बोलावतात तेव्हा चुलीवरून नुकताच उतरलेला घास पुढे येतो, आणि तो सगळ्यांचाच चांगला लागतो. तोच पदार्थ तासाभराने मागून खावा. बरेच पाहुणे उभ्याने जेवणार असतील तर एका हाताने खाता येईल असेच पदार्थ निवडावेत. वयस्कर मंडळींसाठी मात्र टेबल-खुर्च्या लागतीलच.

मांडणीनेही पैसे वाचतात. दोन्ही बाजूंनी वाढून घेता येईल असे टेबल साधारण 100 पाहुण्यांमागे एक असावे, पाणी आणि गोड पदार्थ दूर ठेवावेत, आणि महागडा पदार्थ रांगेच्या शेवटी ठेवून तो वाढायला माणूस उभा करावा. ताट आधीच भरलेले असल्याने तो बेताने घेतला जातो.

तिन्ही दरपत्रके समोर ठेवून भांडी, टेबले, वाहतूक, इंधन, पिण्याचे पाणी, साफसफाई, कर आणि ठरलेल्या वेळेनंतरच्या प्रत्येक तासाचे पैसे दरात धरले आहेत की नाहीत, ते तपासा. काही हॉल बाहेरच्या केटररला परवानगी देण्यासाठी वेगळी रक्कम घेतात. तीही विचारून ठेवा. एवढे केल्यावर 185 माणसांचे एकूण बिल प्रत्येकाकडून लेखी मागवावे आणि तुलना त्याच आकड्यांची करावी.

प्रश्न : निम्मे जेवण नातेवाइकांनी घरी करून आणले, तर चालेल का?

उत्तर : कोरडे आणि गोड टिकाऊ पदार्थ आनंदाने आणावेत. शिजवलेल्या ओलसर पदार्थांबाबत मात्र मी सावध राहण्यास सांगेन. शिजवलेले अन्न खोलीच्या तापमानात दोन तासांपेक्षा जास्त ठेवू नये, गरम अन्न 60 अंश सेल्सिअसच्या वर आणि थंड अन्न 5 अंशांच्या खाली असावे, असे जागतिक आरोग्य संघटना सांगते. मोठ्या पातेल्यातले अन्न मध्यभागी फार सावकाश थंड होते, त्यामुळे आदल्या रात्री केलेले पातेले तसेच झाकून ठेवणे धोक्याचे आहे. ते उथळ भांड्यांत काढून लवकर शीतकपाटात जायला हवे आणि वाढण्यापूर्वी आतपर्यंत कडकडीत तापायला हवे. घरच्या शीतकपाटात 100 माणसांचे अन्न मावत नाही, आणि ही योजना बहुधा तिथेच अडते. त्यापेक्षा स्वयंपाक केटररकडून करून घ्यावा आणि मांडणी, पाणी, ताटे उचलणे ही कामे घरच्यांनी वाटून घ्यावीत. अशा कामांचे पैसे कमी होतील का, हे दर ठरवतानाच विचारावे. शेंगदाणे, दूध किंवा अन्य कशाची ॲलर्जी असलेल्या पाहुण्यांची नावे मात्र स्वयंपाक करणाऱ्याला आधी कळवावीत आणि टेबलावर प्रत्येक पदार्थापुढे त्यातील घटकांची पाटी ठेवावी.

प्रश्न : केटरर निम्मी रक्कम ॲडव्हान्स मागतो आहे. द्यावी का?

उत्तर : त्याला माल आधी घ्यावा लागतो, म्हणून मागणी गैर नाही. मात्र पावती घ्या, तारीख पुढे गेली किंवा लग्न रद्द झाले तर किती रक्कम परत मिळेल ते तिच्यावरच लिहून घ्या, आणि शेवटचा हप्ता ताटांची मोजणी झाल्यावरच द्या.