पर्सियस कोल्हापुरात, आणि इतर पत्रं

ग्रीक वीरांवरचे लेख छापून आल्यापासून पत्रांचा ओघ थांबलेला नाही. ज्या पत्रांतून एखादी गोष्ट निघते, तेवढीच इथे घेतली आहेत. ‘ग्रीकांचे देव इतके भांडखोर आणि बाईलवेडे कसे?’ असं विचारणाऱ्या मंडळींनी आपल्या इंद्राची चरित्रकथा एकदा वाचावी. वेगळं उत्तर देत नाही.

मुलाला हेराक्लीसची गोष्ट सांगत होते. वेडाच्या भरात त्याने स्वतःचीच मुलं मारली, इथे आले आणि अडखळले. मुलगा म्हणाला, ‘मग हा हिरो कसला?’ काय सांगू? — एक पालक, सातारा

मुलगा हुशार आहे. त्याला सांगा, ग्रीकांचा ‘हिरो’ म्हणजे सद्गुणांचा पुतळा नव्हे. हिरो म्हणजे असा मेलेला माणूस, ज्याची ताकद मेल्यावरही त्याच्या थडग्यात शिल्लक आहे, म्हणून गावाला त्याला भोग चढवावा लागतो. आपल्याकडे गावाच्या वेशीवर वीरगळ असतो, त्याला शेंदूर लागतो, नारळ फुटतो, तसंच. फरक एवढाच की वीरगळावरचा माणूस बहुधा गावाची गुरं सोडवताना किंवा लढाईत पडलेला असतो. ग्रीक हिरोने काही चांगलं केलेलं असलंच पाहिजे, अशी अट नव्हती.

विश्वास बसत नसेल तर क्लिओमिडीसची हकिगत ऐका. हा ॲस्टिपलीया बेटाचा मुष्टियोद्धा. इ.स.पू. ४९२च्या ऑलिंपिकमध्ये त्याच्या हातून प्रतिस्पर्धी मेला, पंचांनी त्याचं बक्षीस काढून घेतलं आणि त्याचं डोकं फिरलं. बेटावर परत आल्यावर त्याने एका शाळेच्या छपराचा खांब उपटला. आत साठेक मुलं होती. लोक दगड घेऊन मागे लागले तेव्हा तो अथेनाच्या देवळात घुसला, एका पेटीत शिरला आणि आतून झाकण ओढून धरलं. शेवटी लोकांनी फळ्या फोडल्या, तर पेटी रिकामी. डेल्फीच्या अपोलोच्या देवळात कौल लावला. उत्तर आलं: हा शेवटचा हिरो, तो आता मर्त्य राहिलेला नाही, त्याला बळी देऊन त्याचा मान राखा. आणि बेटाने तो राखला. पौसेनियस नावाच्या प्रवाशाने इ.स. दुसऱ्या शतकात ही हकिगत लिहून ठेवली आहे. मुलांच्या बापांना काय वाटलं असेल, यावर तो अक्षरही लिहीत नाही. मला त्याचा राग येतो.

थडग्याचं महत्त्व किती? शेजारच्या टेगिया नगराशी लढाया हरणाऱ्या स्पार्टाला डेल्फीने सांगितलं, ॲगमेम्नॉन राजाचा मुलगा ओरेस्टिस याची हाडं घेऊन या. ग्रीक इतिहासकार हिरोडोटस सांगतो की लिखस नावाचा स्पार्टन टेगियातल्या एका लोहाराकडे गेला. लोहार म्हणाला, अंगणात विहीर खणताना सात हात लांब शवपेटी लागली आणि आतला मुडदाही तेवढाच लांब होता. लिखसने ती जागा भाड्याने घेतली, हाडं उकरून स्पार्टाला नेली. त्यानंतर स्पार्टा टेगियाशी हरली नाही म्हणतात. अथेन्सनेही हेच केलं. इ.स.पू. ४७५च्या सुमारास सायमन या सेनापतीने अथेन्सचा वीर थिसियस याची म्हणून हाडं स्कायरॉस बेटावरून वाजतगाजत आणली. हे राजकारण होतं, यात शंका नको.

आता हेराक्लीस. मुलाला कोणती कथा सांगता, यावर पुष्कळ अवलंबून आहे. अपोलोडोरसच्या नावावर असलेल्या संग्रहात आधी वेड, मुलांची हत्या आणि मग बारा कामं येतात. म्हणजे कामं हे प्रायश्चित्त. युरिपिडीसने नाटकात क्रम उलटा केला. हेराक्लीस शेवटचं काम उरकून, पाताळातून परत येऊन, बायकामुलांना मरणाच्या दारातून सोडवतो आणि त्यानंतर त्याच्यावर डूख धरलेली झ्यूसची बायको हेरा त्याच्यावर वेड सोडते. शुद्धीवर आल्यावर तो जीव द्यायला निघतो. थिसियस येतो. रक्ताने माखलेल्या माणसाला शिवल्याने विटाळ होतो, हे माहीत असूनही तो त्याचा हात धरतो आणि त्याला अथेन्सला घेऊन जातो. मी मुलाला हीच कथा सांगेन आणि थिसियसच्या हातापाशी थोडी थांबेन.

शक्य झालं तर ऑलिंपियाच्या झ्यूस मंदिराच्या बारा शिल्पपटांची छायाचित्रंही दाखवा. काम इ.स.पू. ४६०च्या आसपासचं. तिथल्या संग्रहालयात आकाश पेलणाऱ्या हेराक्लीससमोर मी बराच वेळ उभी होते. खांद्यावर त्याने चक्क उशी घेतली आहे. मागे अथेना उभी, तिने एक हात सहज वर टेकवला आहे, आणि समोरून ॲटलास सफरचंदं घेऊन येतोय. सगळ्या ग्रीक शिल्पांत मला ती उशी सर्वांत जास्त आवडते.

अकिलीसच्या टाचेची कथा दुर्योधनाच्या मांडीवरून घेतली असावी का? आणि इलियड संपलं तरी लाकडी घोडा आलाच नाही! माझ्या प्रतीत पानं कमी आहेत काय? — एक वाचक, डोंबिवली

पानं पूर्ण आहेत. इलियड हेक्टरच्या अंत्यसंस्काराशी संपतं. तोवर अकिलीस जिवंत आहे आणि ट्रॉय उभं आहे. घोड्याचे उल्लेख ओडिसीत येतात. सविस्तर वर्णन हवं असेल तर रोमन कवी व्हर्जिलच्या ईनिडचा दुसरा सर्ग वाचा.

टाचेचं म्हणाल, तर होमरचा अकिलीस अभेद्य नाहीच. एकविसाव्या सर्गात ॲस्टेरोपायस दोन्ही हातांनी एकदम दोन भाले फेकतो. एक ढालीवर आदळतो, दुसरा अकिलीसच्या उजव्या हाताला कोपरापाशी खरचटतो आणि रक्त येतं. घोट्यात बाण घुसलेला अकिलीस इ.स.पू. सहाव्या शतकातल्या एका कुंभावर रंगवलेला होता. कुंभ हरवला, रेखाचित्र उरलं. पण आई थेटिसने टाचेला धरून त्याला पाताळातल्या स्टिक्स नदीत बुडवलं, हे आपल्याला पहिल्यांदा वाचायला मिळतं ते स्टेशियस या रोमन कवीत, इ.स. पहिल्या शतकात. होमरनंतर सातआठशे वर्षांनी.

दुर्योधनाचीही गत तशीच. गांधारीने डोळ्यांची पट्टी सोडून त्याचं अंग वज्राचं केलं, ही सर्वांना पाठ असलेली कथा पुण्याच्या भांडारकर संस्थेच्या महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीत नाही. वनपर्वात दानव त्याला सांगतात की तुझं वरचं अंग शंकराने वज्राचं आणि खालचं पार्वतीने फुलांचं घडवलंय, तेवढंच. दोन्हीकडे मुळातल्या शूर माणसाला पुढच्या पिढ्यांनी चिलखत चढवलं, मग तो मरायला हवा म्हणून त्यात भोक ठेवलं. उसनवारीचा पुरावा मात्र कोणत्याच बाजूने नाही.

कोल्हापुरात ग्रीक देवाची मूर्ती आहे, हे खरं का? तुमच्या लेखांत तिचा उल्लेख नाही. — एक वाचक, कोल्हापूर

खरं आहे, आणि तुम्ही तर पायी जाऊन पाहू शकता. पंचगंगेकाठच्या ब्रह्मपुरी टेकडीवर १९४०च्या दशकात रोमन बनावटीच्या ब्राँझच्या वस्तूंचा साठा सापडला. त्यातला समुद्रदेव पोसायडन टाउन हॉल संग्रहालयात आहे. पुढे १९४५–४६मध्ये पुरातत्त्वज्ञ सांकलिया आणि दीक्षितांनी तिथे उत्खनन केलं.

पण माझे लेख वीरांवर होते, आणि त्या साठ्यात एक वीरही आहे. एका ब्राँझच्या गोल नक्षीपटावर पर्सियस आणि अँड्रोमेडा आहेत. मेडुसा या राक्षसिणीचं मुंडकं कापून परतणाऱ्या पर्सियसला खडकाला बांधलेली अँड्रोमेडा दिसते. तिची आई कॅसिओपिया सागरकन्यांपेक्षा आपण सुंदर म्हणून मिरवली होती, आणि चिडून जलराक्षस धाडला होता तो याच पोसायडनने. फिर्यादी आणि सोडवणारा असे दोघेही सातवाहनांच्या काळात सह्याद्री ओलांडून एकाच गावी येऊन पडले!

तेच कुटुंब आकाशातही आहे. आपण ज्यांना ययाती, देवयानी, शर्मिष्ठा आणि वृषपर्वा म्हणतो, ते तारकासमूह म्हणजे पर्सियस, अँड्रोमेडा, तिची आई आणि बाप सिफियस. डिसेंबरच्या रात्री डोक्यावरून जरा उत्तरेला ययाती शोधा. त्यातला अल्गोल हा तारा म्हणजे पर्सियसच्या हातातलं मेडुसाचं डोकं. दर दोन दिवस एकवीस तासांनी तो काही तास मंदावतो, कारण त्याचा अंधुक जोडीदार त्याच्या आड येतो. दुर्बीण लागत नाही.

सगळे पुरुषच का? — बी.ए.ची विद्यार्थिनी, नागपूर

सगळे नाहीत. अटलांटा वाच. कॅलिडनच्या रानडुकराच्या शिकारीत पहिला बाण तिचा लागला, म्हणून मेलिएगरने कातडं तिला दिलं. बाईला मान कसा, म्हणून त्याच्या मामांनी ते हिसकावलं. त्याने मामांना मारलं. मग भावांच्या दुःखात त्याच्या आईने ते लाकूड पेटीतून काढून चुलीत घातलं, जे जळेपर्यंतच मेलिएगर जगणार होता. कथा त्या मायलेकांच्या मागे जाते आणि अटलांटाला तिथेच सोडून देते. तिची शर्यतीची कथा निराळी आहे. ओव्हिडने ती रंगवून सांगितली आहे. पुढच्या अंकात घेते.