वाचकांचे प्रश्न : अंकुर पडद्यावर वाढवताना

प्रश्न : दादासाहेब फाळक्यांनी वाटाण्याच्या रोपाची वाढ दाखवणारा छोटा मूकपट केला होता. तसाच मिनिटभराचा पट शाळेतल्या मुलांकडून पावसाळ्यात मोबाईलवर करून घ्यायचा आहे. दिवसाला एक फोटो पुरेल का?
– एक शिक्षिका, गुहागर

उत्तर : नाही पुरणार. १९१२ साली लंडनहून विल्यमसन कॅमेरा आणल्यावर फाळक्यांनी हा पट केला आणि ‘राजा हरिश्चंद्र’साठी भांडवल मिळवताना तोच दाखवला. त्या काळी सेकंदाला साधारण १६ चित्रं सरकत, म्हणजे मिनिटाला ९६० चित्रं, ६० फूट फिल्म. रोज एक फोटो काढलात, तर महिन्याची मेहनत दोन सेकंदांत संपेल. शिवाय वेलवर्गी कोवळा शेंडा सरळ वर चढत नाही, तो काही तासांत एक गोल फेरी मारतो. या पटाची खरी गंमत त्या डोलण्यातच आहे. फोटो लांब लांब काढले की डोलणं हरवतं, उरतात नुसत्या उड्या.

मोबाईलवर सेकंदाला २४ चित्रं धरा. सहा दिवसांची ८,६४० मिनिटं होतात. दर ६ मिनिटांनी एक, असे १,४४० फोटो म्हणजे बरोबर मिनिटभराचा पट.

वाटाणा थंडीचं पीक, आपल्याकडच्या पावसाळी उकाड्यात कुजतो. चवळी किंवा कडवे वाल घ्या, रात्रभर भिजवा आणि चाळलेल्या मातीत पेरभर खोल लावा. कापूस नकोच, त्यावर बुरशी धरते.

बहुतेक पट बिघडतात ते उजेडामुळे. ढग आला-गेला की प्रत्येक फोटोचा उजेड बदलतो आणि पट लुकलुकतो. म्हणून खिडक्या बंद ठेवा आणि रात्रंदिवस एकच एलईडी दिवा लावा, तोही रोपाच्या डोक्यावर. बाजूला लावलात तर रोप तिकडेच वाकेल. एक्स्पोजर (फोटो किती उजळ येतो), फोकस आणि व्हाइट बॅलन्स (रंगांची छटा) तिन्ही लॉक करा, म्हणजे फोन ते आपोआप बदलणार नाही. शटर, म्हणजे एक फोटो टिपायला लागणारा वेळ, १/५० सेकंद ठेवा. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे शटर फार वेगवान ठेवलं तर काही दिव्यांखाली चित्रात पट्टे उमटतात. वीज जाणारच, तेव्हा दिवा आणि चार्जर इन्व्हर्टरवर घ्या.

फोन जांभ्याच्या चिऱ्याला घट्ट बांधा, पंखा बंद ठेवा. पाणी मागच्या बाजूने पिचकारीने घाला, कुंडीला हात लावू नका. ती जराशी सरकली तरी पडद्यावर धक्का दिसतो. फोनमध्ये ५ जीबी जागा मोकळी ठेवा. आणि बी लावण्याआधी नुसत्या कुंडीचे २० फोटो काढून सलग चालवून बघा. लुकलुक असेल तर तिथेच कळेल.