वाचकांचे प्रश्न : द्रौपदीचं हसू, पाच बाण आणि नकली चिनी म्हणी

या वेळच्या टपालात लोककथा, पुराणं, म्हणी आणि आशियाचा इतिहास यांविषयीची पत्रं इतकी निघाली, की बाकीची पुढच्या अंकावर ढकलली. ग्रंथालयात नोकरीला असताना याच पुस्तकांवर क्रमांक घालणं हे माझं काम होतं : लोककथा 398.2, म्हणी 398.9, आशियाचा इतिहास 950. कपाटं वेगवेगळी असायची, पण गोष्टी काही आपापल्या कपाटात राहत नसत.

प्रश्न : ताई, मी निवृत्त शिक्षिका आहे. मयसभेत दुर्योधन पाण्यात पडला, द्रौपदी ‘आंधळ्याचा मुलगा आंधळा’ म्हणाली आणि तिथून सगळं पेटलं, असं मी वर्षानुवर्षं शिकवलं. आता सूनबाई म्हणते, हे वाक्य महाभारतात नाहीच. कुठे पाहू?

उत्तर : सूनबाईंचं बरोबर आहे. पाहायची ती भांडारकर प्राच्यविद्या संशोधन संस्थेची चिकित्सक आवृत्ती. 1919 साली हाती घेतलेलं हे काम 1966 साली पुरं झालं. देशभरातली हस्तलिखितं ओळीला ओळ लावून तपासली, आणि जो पाठ सर्वांत जुना व अनेक परंपरांत टिकलेला दिसला तो वर घेतला. बाकीचं टाकून दिलेलं नाही, तळटीपांत आणि परिशिष्टांत ठेवलंय. गणपतीने महाभारत लिहून घेतल्याची गोष्टसुद्धा तिथे मुख्य पाठात नाही, परिशिष्टात आहे.

सभापर्वाचं संपादन फ्रँकलिन एजर्टन या अमेरिकन संस्कृत पंडिताने केलं. त्यात हा प्रसंग दोनदा येतो, आणि खरी मजा त्या ‘दोनदा’मध्ये आहे. आधी निवेदक सांगतो : दुर्योधन पाण्यात पडला, सेवक हसले, युधिष्ठिराच्या आज्ञेने त्याला कोरडी वस्त्रं दिली, मग भीम, अर्जुन, नकुल, सहदेव हसले. द्रौपदीचं नाव नाही. पुढे दुर्योधन हस्तिनापुरात धृतराष्ट्रापुढे तोच प्रसंग सांगतो, तेव्हा हसणाऱ्यांत कृष्ण आलेला असतो आणि बायकांसह द्रौपदीही. कृष्ण तर त्याआधीच द्वारकेला निघून गेल्याचं निवेदकाने सांगितलेलं आहे! अपमान गिळून घरी आलेला माणूस बापाला हकिगत सांगतो, तेव्हा हसणारी तोंडं वाढतातच. ‘आंधळ्याचा मुलगा’ मात्र या दोन्ही ठिकाणी नाही. ती भर नंतरच्या सांगणाऱ्यांची, आणि नाटक-मालिकांनी ती घरोघरी नेली.

म्हणून तुम्ही ते वाक्य सांगायचं बंद करा असं मी म्हणणार नाही. नंतरच्या लोकांना भांडणाचं खापर एका बाईच्या तोंडावर फोडावंसं का वाटलं, हा प्रश्न मुलांसमोर ठेवायला उत्तम आहे. फक्त ‘व्यास म्हणतात’ असं म्हणू नका.

प्रश्न : लहानपणी पाठ्यपुस्तकात म्हाताऱ्याने मुलांना काठ्यांची मोळी मोडायला दिल्याची गोष्ट होती. आता मंगोलांच्या इतिहासावरचं पुस्तक वाचतोय, त्यात तीच गोष्ट बाणांची! मित्र म्हणतो ती जपानची आहे. मूळ कुणाचं आणि चोरी कुणाची?

उत्तर : चोर शोधू नका, हाती लागणार नाही. तुमची मोळी इसापच्या नावावर आहे. प्लूटार्कने तीच गोष्ट स्किलुरस नावाच्या शक राजावर घातली आहे. त्याला ऐंशी मुलगे, आणि प्रत्येकापुढे त्याने भाल्यांची जुडी धरली. लोककथांच्या आंतरराष्ट्रीय सूचीत या कथाप्रकाराला 910F असा क्रमांक आहे, म्हणजे अभ्यासकांनीही ‘ही अनेकांची’ म्हणून हात टेकले.

मला या सगळ्यांत मंगोलांची आवृत्ती आवडते. ‘मंगोलांचा गुप्त इतिहास’ हा तेराव्या शतकातला ग्रंथ. आपल्यापर्यंत आला तो चिनी लिपीत मंगोल उच्चार लिहून ठेवलेल्या प्रतींमुळे. त्यात चंगीजखानाची पूर्वज आलान गोवा आपल्या पाच मुलांना एकेक बाण देते, ते पटापट मोडतात. मग पाच बाणांची जुडी देते, ती कुणालाच मोडत नाही. पाठ्यपुस्तकातली गोष्ट इथे संपते. पण आलान गोवाला हे करावं का लागलं? पाचांपैकी तिघं तिचा नवरा वारल्यावर जन्मलेली. थोरले दोघे आपसांत कुजबुजायला लागले, की आईला ही मुलं कुणापासून झाली? त्यावर ती सांगते, की रात्री तंबूच्या धुराड्यातून पिवळसर तेजाचा पुरुष आत येई, ही मुलं आकाशाची आहेत, आणि मग बाण पुढे करते. एकीचं बळ वगैरे ठीकच, पण हा बाईने मुलांच्या संशयाला दिलेला जबाब आहे. आणि त्या आकाशपुत्रांतल्या धाकट्या बोदोनचारच्या वंशात पुढे चंगीज जन्मतो, म्हणजे राजघराण्याच्या कुळाची सनदही तिथेच तयार होते.

आणखी पुढचं पान उलटलंत तर कळेल, की आई वारल्यावर चौघे भाऊ जनावरं वाटून घेतात आणि बोदोनचारला खुळा ठरवून काहीच देत नाहीत. बाणांचा उपदेश आईबरोबरच संपला. गुप्त इतिहासाच्या रचनाकाराने हे लपवलं नाही, यासाठी मी त्याला मानते.

जपानची गोष्ट मोरी मोतोनारी या सरदाराची. मृत्युशय्येवर त्याने तीन मुलांना तीन बाण दिले म्हणतात. आता तारखा बघा. मोतोनारी वारला 1571 साली. थोरला मुलगा ताकामोतो 1563 सालीच गेलेला. तेव्हा शय्येभोवती तिघे असणं शक्य नाही. खरं आहे ते 1557 सालचं पत्र : तिघांनी फुटून राहू नये अशी मोतोनारीने घातलेली लांबलचक समजूत. त्यात बाण नाहीत. पत्र लोकांच्या लक्षात राहत नाही, बाण राहतात, म्हणून बाण चिकटले. इतिहासाचं पुस्तक चांगलं की वाईट हे पाहायला मी असलीच पानं काढते. लेखक बाणांची गोष्ट नुसती सांगून पुढे गेला असेल, तर पुढच्या लढायांच्या आकड्यांवरही मी डोळे मिटून विश्वास टाकत नाही.

प्रश्न : मला एका समारंभात भाषण करायचं आहे. चांगल्या चिनी म्हणींचं पुस्तक सुचवा. ‘एक चित्र हजार शब्दांच्या तोडीचं’ आणि ‘तुला रोचक काळात जगायला मिळो’ या दोन माझ्याकडे आहेत.

उत्तर : त्या दोन्ही वगळा. पहिली फ्रेड बर्नार्ड या अमेरिकन जाहिरातवाल्याची करामत. 1921 साली त्याने ती जपानी तत्त्वज्ञाच्या नावावर खपवली आणि 1927 साली चिनी म्हण म्हणून. पौर्वात्य शिक्का बसला की माल जातो, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. दुसऱ्या ‘चिनी शापा’चा चिनी उगम कुणालाच सापडलेला नाही. जवळचं अस्सल वाक्य फंग मंगलोंग या चिनी लेखकाच्या 1627 सालच्या कथासंग्रहात आहे : दंगाधोप्याच्या काळात माणूस होण्यापेक्षा शांततेच्या काळात कुत्रा झालेलं बरं. भाषणात हे जास्त रंगेल.

पुस्तक निवडताना एवढं पाहा, की म्हणीखाली तिची हकिगत दिली आहे का. चिनी चार अक्षरी वाक्प्रचारांतले कितीतरी थेट इतिहासातून उचललेले आहेत. ‘हरणाकडे बोट दाखवून घोडा म्हणणे’ घ्या. इ. स. पूर्व 207 मध्ये छिन दरबारात जाओ गाओ या मंत्र्याने सम्राटापुढे हरीण आणलं आणि म्हणाला, हा घोडा. सम्राट हसला, दरबाऱ्यांना विचारू लागला. काही गप्प बसले, काहींनी जाओ गाओच्या धाकाने घोडा म्हटलं, काहींनी हरीण म्हटलं, आणि हरीण म्हणणाऱ्यांना त्याने नंतर शिक्षेत अडकवलं. हे सिमा छियानने आपल्या इतिहासग्रंथात लिहून ठेवलंय. हकिगत काढून नुसते शब्द दिले तर ती म्हण तुमच्या काय कामाची? आपलं ‘पानिपत होणे’ 1761 शिवाय समजत नाही, तसंच. ‘ध चा मा’ मात्र जपून वापरा : नारायणरावांचा खून 1773 साली झाला हा इतिहास, अक्षर बदलल्याची कथा हा पुरावा म्हणून पुढे करू नये.

प्रश्न : लोककथेच्या शेवटी तात्पर्य हवंच का?

उत्तर : नको. असलं तर ते संपादकाचं असतं, आजीचं नसतं.

प्रश्न : नातू चिनी कार्टूनमधल्या माकडराजाला ‘चायनीज हनुमान’ म्हणतो. खरंच का हो?

उत्तर : यावर मोठमोठ्यांचं जुंपलेलं आहे. चिनी विद्वान हू शर म्हणाले, मूळ भारतीय, हनुमानच. चिनी लेखक लू शुन म्हणाले, नाही, आमच्याच जुन्या कथांतला वूजर्ची हा जलराक्षस. वाद मिटलेला नाही. पक्कं आहे ते असं : माकडराजा गोष्टीत ज्याचा सोबती आहे तो चिनी भिक्षू ह्युएनत्संग भारतात यायला 629 साली निघाला, 645 साली परतला, आणि त्याच्या प्रवासवर्णनात पुलकेशी राजा आहे पण सोबतीला माकड नाही. माकड शतकांनंतर गोष्टी सांगणाऱ्यांनी जोडून दिलं, आणि 1592 साली छापलेल्या ‘पश्चिमेची यात्रा’ या शंभर अध्यायांच्या कादंबरीत तर तेच नायक होऊन बसलं. नातवाला दोघांतला फरकही दाखवा. सुन वुकोंग, म्हणजे हा माकडराजा, स्वर्गात धुमाकूळ घालतो, म्हणून बुद्ध त्याला डोंगराखाली कोंडतो. नंतर भिक्षूची सेवा ही त्याची सुटकेची अट असते. हनुमानाला रामाकडे यायला कुणी भाग पाडलं नव्हतं.

प्रश्न : मेरी फ्रेअर यांचा 1868 सालचा दख्खनच्या कथांचा संग्रह मराठीत आणायचा विचार आहे. हक्कांची अडचण येईल का? भाषा जुन्या वळणाची, नऊवारी थाटाची ठेवावी म्हणतो.

उत्तर : हक्कांची अडचण नाही. फ्रेअरबाई 1911 साली वारल्या, आपल्याकडे लेखकाच्या मृत्यूनंतर साठ वर्षं हक्क राहतात. भाषेचा विचार मात्र सोडून द्या. या कथा ॲना लिबेराटा डिसूझा या आयेने सांगितल्या, त्या इंग्रजीत. 1865-66 च्या हिवाळ्यात गव्हर्नर असलेल्या वडिलांबरोबर मेरी दौऱ्यावर होती, आणि ॲना तिच्या सोबतीला. जुनं मराठी मूळ तुमच्यापुढे नाही. नऊवारी तुम्ही नेसवणार, आणि वाचक समजणार की अशाच होत्या. साधं लिहा. जादूगाराचा जीव पोपटात ठेवलेला असतो ती पंचकिनची गोष्ट पहिल्याच प्रकरणात आहे. ती साध्या भाषेत जमली तर पुढचं जमेल.

आणि पुस्तकात ॲनाने स्वतःची हकिगत सांगितलेली आहे : घरची माणसं, पोटापाण्याच्या ओढी, गोष्टी सांगणारी आजी. भाषांतरकार सहसा हेच प्रकरण ‘गोष्ट नाही’ म्हणून गाळतात. तुम्ही ते पहिलं करा, आणि तिचं नाव मुखपृष्ठावर फ्रेअरबाईंच्या बरोबरीने छापा. तसं केलंत तर परीक्षण मी लिहीन, प्रकरण गाळलंत तर दुसरं कुणी बघा.