दीड तासाच्या आसपास संपणारे, आवर्जून पाहावेत असे रोड मूव्ही कोणते?

एकच पाहायचा असेल तर अब्बास किआरोस्तामी यांचा १९९२ सालचा 'लाइफ, अँड नथिंग मोअर' हा सुमारे ९५ मिनिटांचा इराणी चित्रपट पाहावा. १९९० साली उत्तर इराणमध्ये झालेल्या भीषण भूकंपानंतर एक दिग्दर्शक आपल्या लहान मुलासह मोटारीने कोकेर गावाकडे निघतो, कारण त्याच्या आधीच्या चित्रपटात काम केलेली मुले जिवंत आहेत की नाहीत, हे त्याला जाणून घ्यायचे असते. मोडलेली घरे, बंद पडलेले रस्ते आणि त्यांतही फुटबॉल विश्वचषकाचा सामना पाहता यावा म्हणून अँटेना उभारणारी माणसे आपल्याला बहुतेक वेळा मोटारीच्या खिडकीतूनच दिसतात, आणि प्रवास हाच या कथेचा खरा आशय आहे, हे माझ्या मते इतक्या साधेपणाने क्वचितच कोणी दाखवले असेल. थरार हवा असेल तर स्टीव्हन स्पिलबर्ग यांचा 'ड्युएल' (१९७१) घ्यावा. एका अवजड ट्रकने एका मोटारचालकाचा केलेला पाठलाग, एवढेच त्याचे कथानक आहे, आणि ट्रकचालकाचा चेहरा आपल्याला कधीच नीट दिसत नाही. एडगर उल्मर यांचा 'डिटूर' (१९४५) हा अमेरिकी गुन्हेपट तर सत्तर मिनिटांच्या आतच संपतो. मात्र 'ड्युएल' मुळात दूरचित्रवाणीसाठी ७४ मिनिटांचा बनवला होता आणि चित्रपटगृहांसाठी तो सुमारे ९० मिनिटांपर्यंत वाढवण्यात आला, त्यामुळे आपल्यासमोर कोणती आवृत्ती आहे, हे आधी पाहून घ्यावे; मूळची अधिक घट्ट आहे.