मालकाचं कर्ज थकलं आणि बँकेने फ्लॅटवर ताब्याची नोटीस लावली, तर भाडेकरूला लगेच घर सोडावं लागतं का?
नाही, तुमचा नोंदणीकृत भाडेकरार गहाणाच्या आधीचा असून मुदत शिल्लक असेल, तर बँक लगेच बाहेर काढू शकत नाही. सरफेसी कायद्यात (थकलेल्या कर्जापोटी बँकेला गहाण मालमत्तेचा ताबा घेऊ देणारा कायदा) २०१६ साली आलेल्या कलम १७(४अ) मुळे भाडेकरूच्या हक्काची तपासणी कर्जवसुली न्यायाधिकरण करतं. अर्जाला ताब्याच्या कारवाईपासून फक्त ४५ दिवस मिळतात, म्हणून दारावर चिकटवलेल्या नोटिशीचा तारखेसकट फोटो आजच काढा. करार, भाडं भरल्याचं बँक स्टेटमेंट, वीजबिल घेऊन वकील गाठा. मालकाच्या ‘मी बघतो’वर कृपया थांबू नका. मात्र तुमच्याकडे अकरा महिन्यांचा लीव्ह अँड लायसन्स असेल (पुण्या-मुंबईत बहुतेकांकडे तोच असतो), तर कायद्याने तो भाडेकरार नव्हे, नुसती वापराची परवानगी. तिथे हे संरक्षण फार तोकडं पडतं.