हरिहरवर घसरले, आता डोंगराचीच धास्ती

प्रश्न : पावसाळ्यात हरिहर किल्ल्याच्या खड्या पायऱ्यांवर पाय घसरला. मोडलेलं मनगट जुळून आलं, पण आता डोंगर दिसला तरी तळहाताला घाम फुटतो. ट्रेकिंग सोडून देऊ का? – एक वाचक, सिडको, नाशिक

उत्तर : अजिबात सोडू नका, ताई. टाळत राहिलं की भीती मुरते. थंडीत सकाळी पांडवलेणीपासून सुरुवात करा. बांधीव पायऱ्या, माणसांची ये-जा. छाती धडधडली तर लगेच माघारी फिरू नका. कडेला बसा, श्वास सावकाश सोडा, धडधड ओसरू द्या. मगच वर की खाली ते ठरवा. ते अंगवळणी पडलं की रामशेज किल्ला. पावसात हरिहर मात्र नकोच. ओल्या कातळावर भलेभले घसरतात. आणि तो प्रसंग रोज स्वप्नात येऊन झोप उडत असेल, तर मानसोपचारतज्ज्ञांना जरूर भेटा.